गाडीभर वाट

गिरणीच्या फाटकासमोर फक्कीच्या दोन रेघा मारल्या होत्या, आणि त्या मामलेदारसाहेबांनी स्वतः उन्हात उभं राहून मारून घेतल्या होत्या. दोन रेघांच्या मध्ये भरलेली बैलगाडी जाईल एवढी वाट. रेघांच्या दोन्ही अंगांना संपवाल्यांनी बसावं, घोषणा द्याव्यात, भजन म्हणावं, वाटलं तर आडवंही व्हावं. मधली वाट मात्र कुणाच्या बापाची नाही. जाणाऱ्याला हात लावायचा नाही, त्याला शिवी द्यायची नाही, त्याच्या घरापर्यंत मागं जायचं नाही. काही सांगायचं असेल तर हात जोडून सांगा. "हात जोडायला सरकारची ना नाही," असं साहेब म्हणाले आणि टांग्यात बसून गेले.

साहेब शिकलेले होते, पण खानदेशात नवे होते. नुसते हात जोडून माणसाचं काय काय करता येतं, याचा त्यांना अंदाज नव्हता.

तोतारामाला होता.

धुळ्यात पांझरेच्या काठी शेट वल्लभजींची सूतगिरणी होती. सन अडतीसचा आषाढ सरता सरता तिथं संप झाला. कारण साधंच: माणूस तोच, त्याचे हात तेच दोन, पण त्यानं सांभाळायच्या सूत कातायच्या चात्यांच्या ओळी मॅनेजरनं वाढवल्या. तोताराम सूत काढायच्या खात्यातला. उंचीनं बेताचा, मिशी बेताची, आवाजही बेताचाच; पण माणसांचा हिशेब त्याच्याइतका चोख एखाद्या सावकाराकडेही नसेल. कोणाची सोयरीक कुठं, कोण कोणाशी बोलत नाही, का बोलत नाही, आणि बोलायला लागायला कशाची वाट बघतोय, हे सगळं त्याला तोंडपाठ. संपाच्या पंचांनी त्याला फाटकावर बसवला तो याच गुणासाठी.

पहिल्याच आठवड्यात भटू आबा काठी टेकत आला. कापूस पिंजायच्या खात्यातला जुना माणूस. चार दिवस घरी बसला, मग कंटाळला की घाबरला देव जाणे, पण मान खाली घालून दोन रेघांच्या मधून निघाला.

"राम राम, आबा." तोताराम रेघेच्या अलीकडे उभा राहून, हात जोडून म्हणाला. "गुडघा कसा शे?"

"बरा शे रे बाबा." आबा पुढं सरकला.

"नातीचं लगन ठरलं म्हणे मार्गशीर्षात? बेस झालं. मांडवाचे खांब रोवायला, पाणी भरायला, पंगतीत वाढायला किती माणूस लागंल ते आत्ताच सांगून ठेवा. हे बठ्ठे रिकामेच बसेल शेत."

असं म्हणून त्यानं दोन्ही बाजूंच्या रांगा हातानं दाखवल्या. रांगांतल्या सगळ्यांनी आबाकडे मोठ्या प्रेमानं बघितलं. आबाच्या डोळ्यांपुढं बहुतेक एक मांडव उभा राहिला असावा, ज्यात वाजंत्री होती, अक्षता होत्या, आणि भाऊबंद एकही नव्हता. त्यानं टोपी काढली, परत घातली. "आज गुडघा जरा जास्तच ठणकतो," असं कुणालाच न सांगता म्हणाला आणि आल्या वाटेनं परत फिरला.

फौजदार निंबाखाली खुर्ची टाकून बसले होते. ते तडक उठून आले. "काय रे, धमकी दिलीस त्याला?"

"धमकी? साहेब, लग्नाला येतो म्हटलं."

फौजदारांनी हुकमाचा कागद मनात वाचून बघितला. लग्नाला येतो म्हणायला त्यात कुठं बंदी नव्हती.

असंच रोज चाललं. कुणाला तोताराम आईच्या डोळ्यांचं विचारी, कुणाला मेहुण्याशी चाललेल्या बांधाच्या भांडणाचं. आवाज चढत नसे, हात जोडलेले सुटत नसत. वाट गाडीभर मोकळी होती आणि तिच्यावरून जायला कुत्रंही धजत नव्हतं. पलीकडच्या रांगेचा कारभार रहीम बघे. तो भटू आबाच्याच खात्यातला, तोतारामाचा जुना दोस्त.

"यार तोताराम," रहीम एकदा म्हणाला, "तू हात जोडतोस की गळा धरतोस, तेच समजत नाही."

तोतारामानं ती शाबासकी म्हणून घेतली.

एक फट मात्र राहिली होती. फाटकाच्या आत, गिरणीच्या भिंतीला लागून मुकादम, मिस्त्री, कारकून यांच्या खोल्या होत्या. त्यांना सगळे लाइन म्हणत. काही हुशार लोक "लाइनीत पाव्हण्याकडे चाललो" म्हणून आत जात आणि पाव्हण्याऐवजी यंत्रापुढं उभे राहत. तेव्हा तोतारामानं सभेत नियम मांडला: जो रेघांमधून आत गेला तो फुटला. कशाला गेला ते विचारायचंच नाही. बाईमाणसं सोडून सगळ्यांना हे लागू. सगळ्यांनी हात वर केले. कडक नियमाला हात पटकन वर होतात. त्याचा चटका दुसऱ्याला बसणार, अशी प्रत्येकाची खात्री असते.

चटका गिरधरला बसला. त्याची बायको लाइनीत, आपल्या मिस्त्री बापाकडं बाळंतपणाला गेली होती. मुलगा झाला. गिरधर धुतलेलं धोतर नेसून, हातात लहानसं झबलं घेऊन आला. तोतारामानं हात जोडले.

"पोरगं तुझंच शे, गिरधर. ते कुठं पळून जात नाही. पण तू आत गेलास तर उद्या मी दुसऱ्याला कोणत्या तोंडानं अडवू?"

गिरधरनं झबल्याची घडी केली, ती एका आत जाणाऱ्या बाईच्या हाती दिली आणि रांगेत येऊन बसला. त्या दिवसापासून तो तोतारामाशी बोलला नाही. तोतारामानं मनात ते जमेच्याच बाजूला मांडलं: माणूस टिकला.

आता एक माणूस असा होता की ज्याला तोतारामानं कधीच काही विचारलं नाही. त्याचा थोरला भाऊ चुडामण. तो आतला मुकादम, लाइनीतच राहायचा, आणि संपात नव्हता. तो बाजाराला बाहेर पडे, पिशवी भरून परत जाई. तो दिसला की तोताराम निंबाचा पाला निरखत बसे. त्यांची आई ताईबाई चुडामणाकडंच असे. देवही तिथंच. थोरल्याकडं देव आणि आई, धाकट्याकडं तोंड, अशी त्यांच्यात वाटणी झाली आहे, असं चाळीतले लोक म्हणत.

श्रावण लागला आणि कानबाई जवळ आली.

खानदेशाबाहेरच्यांना कानबाई ठाऊक नसते. नागपंचमीनंतरच्या रविवारी तिचा नारळ मांडायचा, सोमवारी सकाळी वाजतगाजत नदीवर न्यायचा. तिच्या नैवेद्याचे रोट हा मुख्य भाग. कुळातल्या दर पुरुषामागं सव्वा मूठ गहू धरायचा आणि त्या पिठाचे रोट करायचे. ते भाऊबंदांनीच खायचे, देवीसमोर बसून, तिच्या चौकटीत. परक्याला तुकडा द्यायचा नाही, रोट उंबऱ्याबाहेर न्यायचा नाही, उरला तर पौर्णिमेच्या आत संपवायचा. आणि ज्याची मूठ धरली त्यानं खाल्लाच नाही, तर तो कुळातून तुटला असं बायका म्हणतात. पुरुष म्हणत नाहीत, नुसतं मानतात.

शनिवारी ताईबाई स्वतः फाटकापर्यंत आली आणि रेघेपलीकडून म्हणाली, "उद्या दिवा लागता ये. भागीले अन् नातूले संगे घी ये. तुनी मूठ धरेल शे, नातूनी बी धरेल शे."

"माय, मी येवाव नही," तोताराम हळू म्हणाला. "नियम शे."

"कोना नियम?"

तोतारामानं पायाशी असलेल्या रेघेकडं बघितलं. त्याचाच होता.

तिकडं आत मॅनेजरसाहेबांच्या कानावर ही गोष्ट गेली. ते मुंबईकडचे, हिशेबी आणि मनानं वाईट नसलेले गृहस्थ. त्यांनी चुडामणाला बोलावलं. "प्रसादच ना? कोठारातून दोन पोती गहू घ्या, भरपूर रोट करा आणि फाटकावर वाटा. पोट भरलं की माणूस मऊ होतो."

चुडामणानं हे घरी सांगितलं तेव्हा ताईबाईनं कपाळावर हात मारला. "रोट म्हंजे काय फुटाणा शेतस का? कोनीबी ओंजळ पसरी अन् खाई?"

शनिवारी रात्री जेवताना तोतारामाची बायको भागाबाई म्हणाली, "पंचांना विचारा की एकदा. देवीचं काम आहे."

"फाटकाचा पंच मीच."

"मग स्वतःलाच हात जोडा," भागाबाई म्हणाली आणि तिनं भाकर अशी आपटली की ताट वाजलं.

रहीमनंही वाट काढून बघितली. "मी उद्या संध्याकाळी घडीभर पाठ फिरवतो. तू जाऊन ये. देवाकडं जाणारा फुटत नाही."

"तू फिरवशील. गिरधर फिरवेल का?"

रहीमनं गिरधरकडं बघितलं. गिरधर एक काडी घेऊन मातीत रेघोट्या ओढत होता. रहीमनं विषय सोडला.

रविवारी गिरणीचा भोंगा नसे. पण मॅनेजरनं त्याच दिवशी गोदामातल्या सुताच्या गाठी स्टेशनवर धाडायचं ठरवलं. दुपार कलली तशा भरलेल्या गाड्या फाटकाच्या आत एकामागं एक येऊन उभ्या राहिल्या. संपवाले चुळबुळ करू लागले. गाठी गेल्या की मालकाचा हात मोकळा होणार, आणि मोकळ्या हाताचा मालक महिनाभर सहज थांबतो, हे सगळ्यांना कळत होतं. पण वाट गाडीभर ठेवायचा हुकूम होता आणि गाड्या बरोब्बर गाडीभरच होत्या.

पहिल्या गाडीवानानं बैलांना हाक दिली, तेवढ्यात लाइनीतून ताईबाई आली. पांढरं डोकं, हिरवं लुगडं, दिवसभराचा उपास. ती बैलांच्या पुढून चालत आली, दोन रेघांच्या बरोबर मधे थांबली आणि मांडी घालून बसली. तोंड तोतारामाकडं, पाठ बैलांकडं.

गाडीवानानं कासरे ओढले. "आजी, मरशील ना!"

"मरू दे."

फौजदार खुर्चीवरून उठले. "आजीबाई, उठा. वाट अडते."

"अडू दे."

"तुम्ही कोणाकडच्या? संपवाल्यांकडच्या का गिरणीकडच्या?"

"एक पोऱ्या आठे, एक पोऱ्या तठे," ताईबाई म्हणाली. "आते मी कोनाकडनी, ते तूच सांग."

फौजदारांनी टोपी सारखी केली. "बरं, मागणी काय तुमची?"

"धाकला घरमा येईसन रोट खाई, तवय उठसू."

मॅनेजर फाटकापाशी आले, घड्याळ बघू लागले, स्टेशनवर डबा खोळंबलाय म्हणू लागले. "हिला कोणी बसवलं इथं?" फौजदार म्हणाले, "देवीनं, असं दिसतं." शिपाई म्हातारीला उचलायला तयार होईनात, त्यातला एक तर साक्रीकडचा, त्याच्या घरीही त्याच वेळी कानबाई मांडलेली. गाडीवानानं कासरे सैल सोडून सरळ विडी पेटवली.

रांगांमध्ये आनंदाची लाट फिरली. इतके दिवस जे त्यांना जमलं नव्हतं ते एका म्हातारीनं मांडी घालून केलं होतं. भटू आबा, जो आता रोज गुमान रांगेत येऊन बसायचा, हात उंचावून म्हणाला, "बसू द्या तिले! देवी पावनी!" पंचांपैकी एक जण तोतारामाच्या कानाशी लागला. "तू हलू नकोस. तू आत जात नाहीस तोवर म्हातारी उठत नाही. म्हातारी उठत नाही तोवर गाठी जात नाहीत. आणि हुकूम आपण मोडलाच नाही. असा हिशेब सात जन्मांत जुळायचा नाही."

हिशेबात खरोखरच चूक नव्हती. तोतारामानं तो दोनदा तपासला. मग त्यानं आईकडं बघितलं.

ताईबाई ओरडत नव्हती, रडत नव्हती. तिनं हात जोडले, पोटच्या पोरापुढं, भर रस्त्यात.

"तोताराम, बरा शे ना, बापू? नातूले खोकला व्हता, गया का? भागी जेवस ना टायमावर?"

कोणीतरी फिदकन हसलं आणि लगेच थांबलं. विचारपूसच होती ती. तोताराम रोज करायचा तीच, त्याच गोड आवाजात.  त्याला मानेवर कुणी जू ठेवावं तसं वाटलं. जोडलेले हात जोडणाऱ्याला हलके वाटतात. ते दुसऱ्याच्या मानेवर केवढे पडतात हे तोतारामाला आजवर कधी मोजावं लागलं नव्हतं. भटू आबा त्या दिवशी परत फिरला तो काही समजून उमजून फिरला नव्हता. तो याच्याखाली वाकला होता. आणि आपण त्याला रांगेत धरून मोजत होतो.

आईचे ओठ सुकले होते. पाण्याचा तांब्या कुणीतरी पुढं केला, तिनं हातानंच नको म्हटलं.

तोताराम रांगांकडं वळला. भाषण त्याला येत नसे.

"आपला नियम चुकलेला शे," तो म्हणाला. "मी केला होता, मीच सांगतो."

एकच गलका झाला. त्यातून गिरधरचा आवाज वर आला, किती दिवसांनी.

"आज तुझी माय बसली म्हणून चुकला का रे? माझ्या वेळी बरोबर होता?"

"तुझ्या वेळीही चुकलेलाच होता. तेव्हा माझं काही अडलं नव्हतं, म्हणून मला दिसलं नाही."

गिरधरनं हातातली काडी मोडली. 

"सरकारनं वाट गाडीभर ठेवायला सांगितली," तोताराम म्हणाला, "आपण ठेवली. आणि तिच्यावर असं काही पसरलं की पाऊल टाकायची सोय नाही. ते फौजदाराला दिसत नाही. आपल्याला तर दिसतं ना? मी म्हणतो, जाणाऱ्याला एकच विचारायचं: कामाला का घरी? सांगेल ते खरं मानायचं. कामाला जाणाऱ्याला आपलं दुखणं सांगायचं, हात जोडून. त्याच्या घरचं काढायचं नाही. घरी जाणाऱ्याला जाऊ द्यायचं."

"फसवतील लोक!" पंच ओरडला.

"फसवतील."

"मग?"

"मग फसवणारा कोण ते तरी कळेल. आता बठ्ठे बसेल शेत. त्यात संपासाठी कोण बसलंय आणि माझ्या तोंडाच्या भीतीनं कोण, खरं सांगतो, मला सुद्धा माहीत नाही."

"आणि गाठी?" पंचानं शेवटचा पत्ता टाकला. "म्हातारी उठली की गाठी चालल्या. तुझ्या रोटापायी!"

तोताराम पंचाकडं वळला. तो म्हणाला, "गाठी आपण अडवल्या नव्हत्या. उपाशी म्हातारीला पुढं करून अडवायच्या असतील तर दुसरा माणूस बसवा इथं."

हात वर झाले ते थोडे झाले. सगळ्यात आधी रहीमचा झाला. भटू आबाचा अर्धा झाला, आणि अर्ध्यावरच राहिला. मोजदाद कुणी केली नाही, कारण मोजली असती तर नवा नियम बहुधा पडला असता. रहीमनंच घाई केली. तो रेघेशी उभा राहिला आणि मोठ्यानं म्हणाला, "राम राम, तोताराम भाऊ. कामाला का घरी?"

"घरी."

"जा."

तोताराम पहिलं पाऊल टाकणार तो गिरधर उठून त्याच्या शेजारी आला. "तुझ्यासाठी उठलो नाही मी," तो समोर बघत म्हणाला. "पोराला बघायला उठलोय."

तोतारामानं आईला हाताला धरून उठवलं. तिचे गुडघे कडकड वाजले. ती बाजूला होताच गाडीवानानं विडी टाकली आणि पहिली गाडी हलली. एकामागं एक गाड्या फाटकाबाहेर पडल्या, दोन रेघांमधून, दोन्हीकडच्या माणसांच्या गुडघ्यांना जवळजवळ चाटून.  मागच्या रांगेत कुणीतरी थुंकलं, ते गाड्यांवर थुंकलं की पाठमोऱ्या तोतारामावर, हे थुंकणाऱ्यालाच ठाऊक.

लाइनीतल्या खोलीत दिवा लागला होता. कानबाईला नथ चढवली होती, फुलांचा मांडव केला होता. भागाबाई मुलाला घेऊन आधीच येऊन पोचली होती. बायकांना नियम नव्हताच. दोघं भाऊ एका ओळीत पाटावर बसले, मधे मुलं. ताईबाईनं आधी तोतारामाच्या पानात रोट मोडून घातला, वर तूप सोडलं. 

"तू रोज भटू आबाच्या गुडघ्याची चौकशी करतोस," चुडामण पानाकडं बघत म्हणाला. "मी चार वेळा बाजाराला गेलो. मला राम राम सुद्धा नाही."

"तुला काय विचारायचं? तुझं सगळं माहीतच शे."

"काय माहीत शे?"

तोतारामाला वाटलं होतं तेवढं काही माहीत नव्हतं. चुडामणानंच सांगितलं, फार नाही, घासाघासांच्या मधे. नव्या ओळी त्यालाही पटल्या नव्हत्या. मॅनेजरपुढं तो तसं बोललाही होता. पण मुकादमानं संप केला की तिसऱ्या दिवशी खोली रिकामी करावी लागते. "मग हिला कुठं नेऊ?" त्यानं डाव्या हातानं आईकडं दाखवलं. "तुझ्याकडं? तुझ्या छपरातून श्रावणात आकाश दिसतं."

"माझं छप्पर काढू नकोस."

"मग तू निंबाचा पाला बघू नकोस."

ताईबाई दोघांच्या पानांत खीर वाढत म्हणाली, "देवीसमोर भांडू नका. बाहेर जाईसन भांडा." बाहेर म्हणजे फाटकावर हे तिघांनाही कळलं, आणि चुडामण पहिल्यांदा हसला.

सोमवारी सकाळी नारळ डोक्यावर घेऊन ताईबाई फाटकातून बाहेर पडली, मागं लाइनीतली सगळी मंडळी, पुढं डफ. संपवाले उठून उभे राहिले. देवीला कामाला का घरी विचारायची कुणाची छाती झाली नाही. पांझरेला पाणी चांगलं होतं. नदीवर विसर्जन करून परत येईतो भोंगा झाला, आणि नव्या नियमाची परीक्षा सुरू झाली.

भटू आबा काठी टेकत आला. "कामाला का घरी?" रहीमनं विचारलं. आबानं मान वर केली. "कामाला," तो म्हणाला. रहीमनं हात जोडून, ओळी वाढवल्यानं पोरांच्या बोटांची काय दशा झालीये ते सांगितलं. आबानं सगळं ऐकलं. "खरं शे तुझं," म्हणाला, आणि गेला. त्याच्या मागं बरेच "घरी" म्हणून गेले. त्यांतले काही संध्याकाळी परत आले तेव्हा त्यांच्या केसांत, भुवयांत कापसाची रुई होती. पाव्हण्यांच्या घरी रुई उडत नसते.

रात्री पंच बसले. रुईवाल्यांची नावं एकामागं एक तोतारामापुढं टाकण्यात आली.

"तुझ्या नियमानं ही माणसं गेली," पंच म्हणाला.

"ती लाजेनं बसली होती."

"लाजेनं बसलेला सुद्धा मालकाला बाहेरून बसलेलाच दिसतो."

हे रहीमलाही पटल्यासारखं दिसलं. तोतारामालाही ते नाकारता येईना. तो इतकंच म्हणाला, की लाजेनं बसलेला पहिल्या ओढीला सुटतो, तेव्हा आता उरलेत तेवढ्यांवरच काय ते धरून चाला. पंचांनी थोडी कुजबुज केली आणि त्याला फाटकावरून काढलं. नियम मात्र ठेवला. तो बदलायला पुन्हा सभा घ्यावी लागली असती, आणि गिरधर दोन्ही संध्याकाळी पोराला बघून येऊन इतका खुशीत होता की सभेत तो एकटाच चौघांना ऐकला नसता. फाटक रहीमकडं आलं.

मंगळवारी तोताराम तिसऱ्या रांगेत बसला होता, मधोमध, कुणाच्याही नजरेत न येण्याइतका. चुडामण बाजारातून गिलक्यांची पिशवी घेऊन परत आला.

"राम राम, मुकादम," रहीम म्हणाला. "कामाला का घरी?"

"दोन्ही. राहतो तिथंच राबतो. तुमच्या नियमात बसत नसेल तर तसं सांगा."

रहीमनं दाढी खाजवली. "बसत तर नाही. पण खोटंही नाही. जा."

चुडामण गेला नाही. तो रेघेपाशी थांबला, तिसऱ्या रांगेकडं बघून मोठ्यानं म्हणाला, "तोताराम, माय म्हणते तुझ्या वाट्याचा रोट टोपलीभर उरेल शे. पौर्णिमेच्या आत संपवायचा. रोज ये."

"रोज?" रहीमनं डोक्याला हात लावला. "अरे, ही देवी आहे का दुसरा संप?"

रांगा हसल्या. पंचही हसला, मग आपण हसलो हे लक्षात येऊन त्यानं घोषणेचा कागद वाचायला घेतला.

तोताराम उठून उभा राहिला. धोतराची माती झटकली.

"आता नाही," तो म्हणाला. "आता मी बसेल शे. दिवा लागता येतो, सांग तिला. आणि दादा..." तो जरा अडखळला. "तिचे गुडघे कसे शेत?"

"कडकड वाजतात," चुडामण म्हणाला. "रस्त्यात बसली होती ना."

तो पिशवी सांभाळत दोन रेघांमधून आत निघाला. तो फाटकाशी पोचायच्या आधीच तोतारामानं घसा साफ केला आणि नव्या ओळी मोडीत काढायची घोषणा दिली, इतकी जोरात, की निंबाखाली डुलकी घेत असलेले फौजदार दचकून खुर्चीत सरळ झाले.